वेगाचा उगम

अमेरिकेतील चित्रकथांत ‘फ्लॅश’ नावाचा एक वीर फार लोकप्रिय आहे. वेग हेच त्याचे शस्त्र. तो डोळ्याचे पाते लवते न लवते तोच शहराच्या एका टोकाहून दुसऱ्या टोकास पोहोचतो. पाण्यावरून पाऊल न बुडविता धावतो. आपल्या देहाचे कण कंपित करून भिंतीतूनही आरपार निघून जातो. त्याचे पराक्रम वाचताना मुले हरखून जातात. परंतु चौकस वाचकाच्या मनात एक प्रश्न आल्यावाचून राहत नाही. या माणसाच्या अंगी एवढे बळ येते कोठून?

हा प्रश्न वाटतो तितका पोरकट नाही. प्रकाश एका सेकंदात सुमारे ३ लाख किलोमीटर अंतर तोडतो. ७० किलोग्रॅम वजनाच्या माणसास त्याच्या केवळ एक-दशांश वेगाने धावावयाचे झाले, तरी त्यासाठी लागणारी ऊर्जा १९४५ साली हिरोशिमावर टाकलेल्या अणुबाँबसारख्या सुमारे ५०० बाँबच्या ऊर्जेइतकी भरते. हीच ऊर्जा अन्नातून मिळवावयाची म्हटली, तर त्या बिचाऱ्यास सुमारे ८० लाख वर्षांचे जेवण एकाच बैठकीत जेवावे लागेल! निसर्गात ऊर्जा शून्यातून उत्पन्न होत नाही. मग कथेत तरी ती कोठून यावी?

आरंभीच्या लेखकांनी या गोष्टीचा फारसा विचार केला नव्हता. पहिला फ्लॅश १९४० साली अवतरला. त्याचे नाव जे गॅरिक. प्रयोगशाळेत एका द्रव्याची वाफ छातीत गेली आणि तो वेगवान झाला. १९५६ साली त्याच नावाचा दुसरा वीर आला. तो म्हणजे पोलिस खात्यातील शास्त्रज्ञ बॅरी ॲलन. रसायनांच्या कपाटावर वीज कोसळली, ती रसायने त्याच्या अंगावर उडाली आणि त्यालाही वेग लाभला. पुढे बॅरीची पत्नी झालेल्या आयरिसचा भाचा वॉली वेस्ट याच्यावर तर अगदी तसाच प्रसंग ओढवला. योगायोगालाही काही सीमा असते. येथे ती केव्हाच ओलांडली गेली होती.

शिवाय दुसरी अडचण अशी की, बॅरीच्या कथेत जे गॅरिक हा चित्रकथेतला एक काल्पनिक वीर होता. बॅरी लहानपणी त्याच्या गोष्टी वाचून मोठा झालेला. १९६१ साली गार्डनर फॉक्स या लेखकाने ही गाठ मोठ्या युक्तीने सोडविली. त्याच्या कथेत बॅरी इतक्या वेगाने कंप पावतो की, तो आपल्या जगातून नाहीसा होऊन दुसऱ्याच एका पृथ्वीवर प्रकट होतो. तेथे कानशिलांवर केस पिकू लागलेला, संसारात रमलेला खराखुरा जे गॅरिक त्यास भेटतो! दोन्ही पृथ्व्या एकाच जागी आहेत, परंतु त्यांच्या कंपनांची गती भिन्न असल्यामुळे त्या एकमेकींना दिसत नाहीत, असा खुलासा कथेत केला आहे. मग पहिल्या पृथ्वीवर जेच्या गोष्टी लिहिल्या कोणी? तर स्वतः फॉक्सनेच. निद्रेत त्याचे मन दुसऱ्या जगाशी जुळत असे! लेखकाने आपल्याच लेखणीची केलेली ही थट्टा मोठी गमतीची आहे. या कथामालेत अनेक विश्वांच्या कल्पनेने मूळ धरले ते येथूनच.

हळूहळू पृथ्व्यांची संख्या इतकी वाढली की, वाचक गोंधळून जाऊ लागले. म्हणून १९८५-८६ साली बारा अंकांच्या एका दीर्घकथेत त्या साऱ्या विश्वांवर संकट आणून शेवटी एकच विश्व शिल्लक ठेवण्यात आले. या कथेत बॅरी ॲलन धारातीर्थी पडला. विश्वसंहारक तोफेभोवती धावून धावून त्याने ती नष्ट केली. त्या धावण्यातच त्याचा देह झिजून नाहीसा झाला. मागे राहिला तो रिकामा पोशाख. त्याचे नाव आणि काम वॉलीकडे आले.

मार्क वेड या लेखकाने १९९४ साली जी ‘वेगशक्ती’ कल्पिली, ती या पार्श्वभूमीवर. स्थळकाळाच्या पलीकडे ऊर्जेचा एक अफाट साठा आहे. जे, बॅरी, वॉली हे सर्व त्याच एका झऱ्याचे पाणी पितात. वाफ काय किंवा वीज काय, ती केवळ निमित्ते होत. या एका कल्पनेने विखुरलेले सारे योगायोग एका सूत्रात ओवले गेले. पण तेवढ्यानेच ती थोर ठरली नसती. वेडने त्या शक्तीला मोल लावले, हे त्याचे खरे कौशल्य. जो अतिवेगाने धावेल, त्यास ती आपल्याकडे ओढून घेते. तेथे अपार शांती आहे; दिवंगत धावपटू तेथेच आहेत; परंतु तेथे गेलेला माघारी येत नाही. मॅक्स मर्क्युरी नावाचा एकोणिसाव्या शतकातील धावपटू तिच्या उंबरठ्यापर्यंत अनेकदा गेला. प्रत्येक वेळी त्याचे पाऊल कचरले आणि तो पुढील काळात फेकला गेला. स्नेही आणि घरदार मागे टाकीत तो असा विसाव्या शतकात येऊन पोहोचला.

वॉलीवर ती वेळ आली, तेव्हा आपल्या माणसांना वाचविण्यासाठी तो जाणूनबुजून धावला आणि त्या तेजात विलीन झाला. तरीही तो परतला. लिंडा पार्क या तरुणीवरील प्रेमाच्या ओढीने त्याला परतीची वाट सापडली. त्या अफाट शक्तीपुढे एका माणसाची ओढ वरचढ ठरावी, हा या कथेतील सर्वांत हृद्य भाग होय.

पुढील लेखकांनी २००८ साली बॅरीलाही त्याच शक्तीतून परत आणले. त्यामुळे त्याच्या बलिदानाची धार थोडी बोथट झाली, यात शंका नाही. त्यानंतरच्या वर्षी निघालेल्या कथेत तर, ही शक्ती बॅरीच्याच प्रत्येक पावलागणिक उत्पन्न होते, असे सांगितले आहे. आता ते पाऊल उचलण्याचे बळ त्याच्या अंगी कोठून येते, हा हिशेब मात्र पुन्हा होता तेथेच येऊन उभा राहिला.