नाव आर्वीत, घर पिपरीत

प्रश्न : पिपरी मेघेत भाड्याने राहते, पण मतदार यादीत नाव अजून आर्वीचंच. रस्त्यासाठी इथल्या आमदारांकडे जाता येईल का?

उत्तर : ताई, खुशाल जा. रस्ता इथला, तर आमदारही इथलेच. पिपरी मेघे वर्धा विधानसभा मतदारसंघात येते. 2024 ला पंकज भोयर निवडून आले. पत्ता-फोन विधानमंडळाच्या संकेतस्थळावरून घ्या, व्हॉट्सॲपवर फिरणारा नंबर नको. अर्ज दोन प्रतींत न्या आणि दुसरीवर शिक्का, तारखेसह पोच मागा. नुसतं ‘सांगतो साहेबांना’ ऐकून परतू नका. गल्लीतली नाली तुंबली असेल, तर मात्र आधी ग्रामपंचायत गाठा. मत इथे द्यायचं असेल, तर नमुना 8 भरून नाव हलवा.