चित्रफितींची संकलिका

चित्रपटात नट दिसतात, देखावे दिसतात. संकलक मात्र कोठेच दिसत नाही. टिपलेल्या चित्रांतून कोणती ठेवावी, कोणती वगळावी आणि कोणत्या चित्रामागून कोणते जोडावे, हे तो ठरवितो. रशियातील एस्फिर शूब (१८९४–१९५९) या बाईंनी या कामाला आपले आयुष्य वाहिले.

१९२२ साली त्या मॉस्को येथील सरकारी चित्रसंस्थेत रुजू झाल्या. परदेशी चित्रपट रशियन प्रेक्षकांसाठी कापूनजोडून नव्याने सिद्ध करणे, हे त्यांचे काम. पुढे जगद्विख्यात झालेले दिग्दर्शक आयझेन्श्टाइन यांनीही त्यांच्या मेजाशी बसून जोडणीचे धडे घेतले.

१९१७ च्या क्रांतीला दहा वर्षे पूर्ण व्हावयाची होती. झारच्या राजवटीचा अंत नटांकरवी न दाखविता जुन्या वार्तापटांतून दाखवावा, असे शूबबाईंच्या मनाने घेतले. १९२६ साली त्या लेनिनग्राडला गेल्या. तेथे एका दमट तळघरात जुन्या फिती पडून होत्या. डब्यांना गंज चढला होता. ओलीने कित्येक फितींवरील चित्रांचा लेपच सुटला होता, आणि यादीत नोंदलेली काही चित्रे तर साफ नाहीशी झाली होती! दोन महिन्यांत बाईंनी ६०,००० मीटर, म्हणजे ६० किलोमीटर लांबीची फीत नजरेखालून घातली आणि तीतून सुमारे ५,२०० मीटर निवडली.

राजघराण्याच्या गौरवासाठी घेतलेली चित्रेही तीत होती. बाईंनी त्यांना निराळ्याच चित्रांशेजारी बसविले. एका ठिकाणी जहाजावर उमराव मंडळी नाचत आहेत. नाचून दमल्यावर ती घाम पुसतात. लगेच खणून खणून घामाघूम झालेले कष्टकरी दिसतात. दोन्ही चित्रे खरी. त्यांतून निघणारा अर्थ मात्र जोडणीचा. म्हणूनच असा चित्रपट पाहताना जोडणाऱ्याचा हेतूही ओळखावा लागतो.

‘रोमानोव्ह घराण्याचा अंत’ हा चित्रपट १९२७ साली लोकांपुढे आला. पण बाईंनी केवळ इतरांचे तुकडे जोडले, असे म्हणून चित्रसंस्थेने त्यांना कर्त्याचा मोबदला नाकारला. कवी मायकोव्हस्की यांनी त्याच वर्षी याचा जाहीर निषेध केला.

बाई पुन्हा मेजाशी बसल्या. १९२८ साली त्यांनी टॉल्स्टॉय यांच्यावर चित्रपट सिद्ध केला. त्या थोर लेखकाची चलच्चित्रे फारच थोडी सापडली होती. बाईंनी ती तत्कालीन रशियाच्या चित्रांमध्ये गुंफली.