चार्जशीट हातात पडली तर...

शेवटच्या वर्षाला आलो की ॲप्टिट्यूड, जीडी आणि इंटरव्ह्यू यापलीकडे काही सुचत नाही. नोकरी कशी मिळवायची हे सगळेच सांगतात. पण कंपनीने उद्या एखादा ठपका ठेवला तर पुढे काय होतं, हे आपल्या सिलॅबसमध्ये फारसं नसतं. खरं तर इंजिनिअरला हे दोन्ही बाजूंनी लागतं. शॉप फ्लोअरवर कामगाराविरुद्ध रिपोर्ट आपणच लिहिणार, साक्षही आपणच देणार, आणि कधीतरी चार्जशीट आपल्याही टेबलावर येऊ शकते.

अशा वेळी कंपनी जी खातेनिहाय चौकशी करते, तिचा पाया म्हणजे नैसर्गिक न्याय. त्याची सूत्रं दोनच : ऐकून घेतल्याशिवाय शिक्षा नाही, आणि स्वतःच्या प्रकरणात स्वतःच न्यायाधीश व्हायचं नाही.

सुर एनॅमल अँड स्टॅम्पिंग वर्क्सच्या खटल्यात (१९६३) सुप्रीम कोर्टाने योग्य चौकशीच्या पाच अटी सांगितल्या :

१) आरोप स्पष्ट कळवावा. 'वर्तणूक बरी नाही' एवढ्यावर कोणी काय उत्तर देणार? तारीख, वेळ, जागा आणि नेमकं काय केलं ते हवं.
२) साक्षी शक्यतो त्या कर्मचाऱ्यासमोर व्हाव्यात.
३) त्याला उलटतपासणी घेऊ द्यावी.
४) स्वतःची बाजू आणि स्वतःचे साक्षीदार मांडू द्यावेत.
५) चौकशी अधिकाऱ्याने निष्कर्ष कारणांसह लिहावा.

हे मोडलं की काय होतं? त्याच वर्षीचा मीनग्लास चहामळ्याचा खटला बघा. मॅनेजर मंडळींशी दांडगाई केल्याचा आरोप कामगारांवर होता. चौकशीला बसले ते तेच मॅनेजर! साक्षीदार तपासलेच नाहीत, नुसते कामगारांनाच प्रश्न विचारले. कोर्टाने ही चौकशी सदोष ठरवली.

पुढे मुंबई पोर्ट ट्रस्टच्या खटल्यात (१९८३) कोर्टाने म्हटलं, की मालकाची बाजू कायदा शिकलेला माणूस मांडणार असेल, तर कर्मचाऱ्यालाही वकील नाकारता येणार नाही. हैदराबादच्या ईसीआयएलच्या खटल्यात (१९९३) ठरलं, की चौकशी अधिकारी आणि शिक्षा देणारा अधिकारी वेगळे असतील, तर शिक्षा ठरवण्याआधी अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला द्यावी. हे सरकारी आणि खासगी दोन्हींकडे लागू आहे. मात्र प्रत न मिळाल्याने खरंच नुकसान झालं का, हेही कोर्ट पाहतं.

सस्पेंड केलं म्हणजे दोषी ठरवलं असं नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेनुसार निलंबित कामगाराची चौकशी साधारणपणे ९० दिवसांत संपवायची असते. तोवर निम्म्या पगाराइतका निर्वाह भत्ता द्यावा लागतो. कामगाराची चूक नसताना चौकशी लांबली, तर पुढे ७५ टक्के.

पण एक मेख आहे. मॅनेजर, किंवा महिना १८,००० रुपयांहून जास्त पगार घेणारा सुपरवायझर, या संहितेत 'कामगार' धरला जात नाही. म्हणजे खासगी कंपनीत अशा पदांवर असलेल्या इंजिनिअरांना मुख्य आधार उरतो तो अपॉइंटमेंट लेटर आणि कंपनीच्या सेवा नियमांचा. म्हणून जॉइन होताना पॅकेजच्या आकड्याखालची कलमंही वाचा!

आणखी एक गैरसमज काढून टाका. चौकशी म्हणजे फौजदारी कोर्ट नव्हे. तिथे संशयापलीकडचा पुरावा लागत नाही. कोणती बाजू जास्त संभवनीय आहे, यावर निकाल होतो. त्यामुळे 'पुरावाच नाही' म्हणून गप्प बसणं महागात पडतं.

मग करायचं काय? चार्जशीट नाकारू नका, नाहीतर चौकशी एकतर्फी होते. उत्तर लेखी द्या, मुदतीत द्या आणि पोच घ्या. कागदपत्रांच्या प्रती मागा. रोजचं कामकाज वाचल्याशिवाय सही करू नका.

आणि खुर्चीच्या पलीकडे असाल तेव्हा? चोरी खरी असली तरी 'कशाला एवढे सोपस्कार' म्हणून पायऱ्या गाळू नका. चौकशी सदोष ठरली की सगळं पुन्हा सिद्ध करत बसावं लागतं, आणि माणूस निर्दोष असेल तर त्याच्या घरची चूल विझते. समोरच्याचं पूर्ण ऐकून घ्यायला एक-दोन दिवस जास्त लागले, तर ते लागू द्यावेत.