डर्बीची नोंद तपासताना

शर्यतीवरची कोशनोंद तपासायला घेतली की बहुतेकांची नजर आधी विजेत्याच्या नावावर जाते. ते नाव सहसा बरोबर असतं. चुका दबा धरून बसतात त्या नावाच्या आजूबाजूला.

मुंबईतल्या महालक्ष्मीच्या रेसकोर्सवर दर वर्षी धावल्या जाणाऱ्या इंडियन डर्बीवरची एक नोंद प्रस्तुत लेखकाकडे आली, तेव्हा तिच्यावर दोन जाणकारांचा ‘ठीक’ असा शेरा आधीच पडलेला होता. भाषा सुबक, तक्ते नेटके आणि खाली संदर्भांची लांबलचक यादी. अशा देखण्या नोंदीपासूनच तपासनिसानं जपून राहावं, कारण सफाईदार वाक्य वाचताना शंका घ्यायचं भान सुटतं. पुढे त्या नोंदीत जे जे निघालं, ते या कामात नव्यानं पडणाऱ्यांच्या उपयोगी पडावं म्हणून इथे मांडलं आहे.

पहिल्याच परिच्छेदात लिहिलं होतं, ‘ही शर्यत तीन वर्षांच्या घोड्यांसाठी असते.’ इंग्लंडमधल्या एप्सम इथे 1780 पासून धावल्या जाणाऱ्या मूळ डर्बीबाबत हे खरं आहे. मुंबईची डर्बी मात्र चार वर्षांच्या घोड्यांची. शर्यतीच्या घोड्याचं वय त्याच्या खऱ्या जन्मतारखेवर मोजत नाहीत. आपल्याकडे सगळ्यांचं वय 1 जानेवारीला एकदमच एका वर्षानं वाढतं. त्यामुळे डिसेंबरात महालक्ष्मीलाच गिनीज ही शर्यत धावताना जो घोडा तीन वर्षांचा असतो, तोच फेब्रुवारीत डर्बीला उतरतो तेव्हा चार वर्षांचा झालेला असतो. नोंदीच्या लेखकानं एप्समची माहिती वाचली आणि नाव तेच म्हणून नियमही तेच धरले. परदेशी नाव लावलेली कोणतीही स्पर्धा तपासायची असेल, तर तिचे इथले नियम वेगळे काढून वाचावेत. सारखेपणा गृहीत धरला की फसगत झालीच म्हणून समजा.

दुसरी चूक जास्त बोचणारी, कारण ती मराठी माणसाच्या ओळखीच्या नावाची होती. पहिली डर्बी 1943 साली प्रिन्सेस ब्यूटिफुल या घोडीनं जिंकली. घोडी बडोद्याच्या महाराजांची, जॉकी एडगर ब्रिट. इथवर सगळं बरोबर. नोंदीत मात्र महाराजांच्या जागी सयाजीराव गायकवाड यांचं नाव घातलेलं होतं. सयाजीराव 6 फेब्रुवारी 1939 रोजी निवर्तले. 1943 मध्ये गादीवर होते त्यांचे नातू प्रतापसिंहराव. या गोंधळाला आणखी एक कारण मिळतं. प्रतापसिंहरावांनी 28,000 गिनी मोजून एक शिंगरू विकत घेतलं आणि त्याचं नावच ‘सयाजीराव’ ठेवलं. त्या घोड्यानं 1947 मध्ये इंग्लंडची सेंट लेजर जिंकली, आणि तेव्हाही त्याच्यावर स्वार होता हाच एडगर ब्रिट. बडोदा, ब्रिट, सयाजीराव अशी तीन नावं एका पानावर आली की घाईत वाचणाऱ्याच्या डोक्यात घोडा आणि राजा यांची सरमिसळ व्हायला वेळ लागत नाही. म्हणून पदवी दिसली की त्या साली त्या गादीवर कोण होतं, हे वंशावळ उघडून पाहायचं. दोन मिनिटांचं काम आहे, आणि ते टाळायला कोणतीही सबब चालत नाही.

सालांचंही असंच. मुंबईचा रेसचा मोसम हिवाळ्यात सुरू होऊन पुढच्या वर्षात शिरतो. त्यामुळे एकीकडे 1942-43 आणि दुसरीकडे 1943 छापलेलं आढळलं, तर ती तफावत नव्हे. नोंदीत मोसम लिहायचा की शर्यतीचं वर्ष, हे एकदा ठरवून शेवटपर्यंत तेच पाळावं.

अंतर आज 2,400 मीटर आहे. जुना हिशेब मैल-फर्लाँगांचा, आणि दीड मैल म्हणजे सुमारे 2,414 मीटर. चौदा मीटर कागदावर क्षुल्लक दिसतात, पण वेळेच्या विक्रमांचा तक्ता एकाच रांगेत लावला की तेच नडतात.

आता निकालाकडे. नाव सहसा बरोबर असतं, असं वर म्हटलं. पण ते कधी ठरलं, हे नोंदीत येतंच असं नाही. अमेरिकेतल्या स्टॉक कारच्या, म्हणजे बाजारात विकल्या जाणाऱ्या मोटारींच्या धर्तीवरच्या गाड्यांच्या शर्यतींमध्ये याची फार बोलकी उदाहरणं आहेत. 22 फेब्रुवारी 1959 रोजी पहिली डेटोना 500 संपली तेव्हा जॉनी बोशॅम्पला विजयी घोषित केलं गेलं. तीन दिवस छायाचित्रं आणि न्यूजरील तपासल्यावर निकाल फिरला आणि ली पेटी विजेता ठरला. 1 डिसेंबर 1963 ला जॅक्सनव्हिलमध्ये वेंडेल स्कॉट या कृष्णवर्णीय चालकानं शर्यत जिंकली, पण निशाण आणि चषक मिळाला बक बेकरला. फेऱ्या पुन्हा मोजून स्कॉटचा विजय मान्य होईपर्यंत प्रेक्षक घरी गेले होते. स्कॉट 1990 मध्ये वारले. मानाचा चषक त्यांच्या कुटुंबाच्या हाती पडायला 2021 उजाडलं. ज्या नोंदीत फक्त ‘विजेता : वेंडेल स्कॉट’ एवढंच लिहिलेलं असेल, तिच्यात चूक काहीच नाही, पण त्या माणसावर झालेला अन्यायच तिच्यातून गळून पडतो. घोड्यांच्या रेसमध्येही ऑब्जेक्शन (हरकती) होतात, स्टुअर्ड म्हणजे शर्यतीचे पंच निकाल फिरवू शकतात. म्हणून डर्बीच्या तक्त्यात ‘निकालातील बदल’ असा एक रकाना वाढवायची सूचना नोंदीच्या लेखकाला केली.

संदर्भांची यादी लांब असली म्हणून हुरळून जाऊ नये. या नोंदीखालच्या पाचही संदर्भांत तेच शब्द, त्याच क्रमानं आलेले होते. एकानं लिहिलं आणि चौघांनी उतरवलं. असे पाच साक्षीदार एकच धरावेत. शर्यतीच्या वेळचं वर्तमानपत्र आणि रेसबुक, म्हणजे शर्यतींची कार्यक्रमपुस्तिका, यांची सर कशालाच नाही. फोर्टातल्या एशियाटिक सोसायटीत जुन्या वर्तमानपत्रांचा मोठा साठा आहे. घरबसल्या उतरवलेल्या पाच संदर्भांपेक्षा तिथली एक दुपार जास्त पदरात टाकते.

शेवटचा परिच्छेद रेसकोर्सच्या जमिनीचा होता, आणि त्यात ‘सध्या’ हा शब्द चारदा आला होता. कोशात ‘सध्या’ला जागा नसावी, कारण तो शब्द वाचणारा दहा वर्षांनंतरचाही असू शकतो. तिथे साल घालावं : सुमारे 211 एकरांपैकी 120 एकर महापालिकेच्या उद्यानासाठी आणि 91 एकर शर्यती भरवणाऱ्या टर्फ क्लबकडे, ही वाटणी 2024 मधली. प्रायोजकाचंही तसंच. कधी ‘मॅकडॉवेल’, कधी ‘किंगफिशर अल्ट्रा’ अशी बिरुदं डर्बीच्या नावापुढे लागत आली. नोंदीचं शीर्षक मात्र ‘इंडियन डर्बी’च राहायला हवं.

शेरे लिहिताना ‘चूक’ हा शब्द शक्यतो टाळावा आणि प्रश्न विचारावा : ‘1943 मध्ये बडोद्याचे महाराज कोण होते?’ असं विचारलं की लेखक स्वतः शोधायला निघतो. या नोंदीचा लेखक तसाच निघाला. प्रतापसिंहरावांचं नाव तर त्यानं घातलंच, शिवाय न विचारता विजेत्यांच्या तक्त्यात जॉकी आणि ट्रेनर असे दोन रकानेही वाढवून पाठवले.