अभिनेता आणि बोली : निळू फुले यांची कारकीर्द

उद्दिष्टे

हा पाठ अभ्यासल्यानंतर आपल्याला :
• निळू फुले यांच्या कारकिर्दीतील प्रमुख टप्पे सांगता येतील.
• पात्राची बोली आणि पात्राची वृत्ती यांतील फरक स्पष्ट करता येईल.

प्रस्तावना

पिंपळे गुरव येथील महापालिकेच्या रंगमंदिराला निळू फुले (१९३०–२००९) यांचे नाव आहे. या औद्योगिक परिसरात राज्याच्या निरनिराळ्या भागांतून लोक आले, तेव्हा त्यांच्यासोबत त्यांच्या बोलीही आल्या. घरी एक भाषा आणि कामावर दुसरी, हा अनुभव आपल्यापैकी अनेकांना असेल. त्यामुळे मराठी चित्रपटाने बोलीला कोणते स्थान दिले, हा प्रश्न आपल्या परिचयाचाच आहे.

विषय-विवेचन

निळू फुले यांचा जन्म पुण्याचा. उमेदीच्या काळात त्यांनी माळी म्हणून नोकरी केली. राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारांत ते घडले आणि लोकनाट्यातून रंगभूमीवर आले. शंकर पाटील यांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या वगनाट्याने त्यांना लोकप्रियता मिळवून दिली. १९६८ साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ या चित्रपटातून त्यांनी रुपेरी पडद्यावर पदार्पण केले.

पुढे गावचा पाटील, सावकार, पुढारी अशा खलभूमिका त्यांच्याकडे सातत्याने येत गेल्या. याचा एक भाषिक परिणाम झाला. ग्रामीण उच्चार ऐकू आला की पात्र एकतर विनोदी असणार किंवा कपटी, असा संकेत प्रेक्षकांच्या मनात रुजला. वास्तविक ‘पाणी’चे ‘पानी’ आणि ‘कोण’चे ‘कोन’ होणे हा अनेक बोलींतील नियमित ध्वनिबदल आहे. त्यावरून बोलणाऱ्याची नियत कळत नाही.

हा संकेत किती फसवा आहे, हे फुले यांच्याच तीन भूमिकांवरून दिसते.

पहिली भूमिका ‘सखाराम बाइंडर’ (१९७२) या विजय तेंडुलकरांच्या नाटकातील. सखाराम जन्माने ब्राह्मण आहे. परंतु त्याची भाषा शिवराळ आणि आडदांड आहे. भाषेचा रांगडेपणा एखाद्या जातीशी किंवा खेड्याशी बांधलेला नसतो, हे येथे लक्षात येते.

दुसरी भूमिका ‘सामना’तील हिंदुराव धोंडे पाटील या साखरसम्राटाची. जब्बार पटेल दिग्दर्शित हा चित्रपट १९७५ च्या बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. हिंदुराव मास्तरांचा (डॉ. श्रीराम लागू) पाहुणचार करतो. मास्तर मात्र मारुती कांबळेचे काय झाले, हे विचारत राहतात. हिंदुरावाची दहशत त्याच्या उच्चारात नसून त्याच्या हाती असलेल्या सत्तेत आहे. ज्याच्या शब्दावर गाव चालते, त्याला आवाज चढवावा लागत नाही.

तिसरी भूमिका ‘सिंहासन’ (१९७९) या चित्रपटातील पत्रकार दिगू टिपणीसची. येथे तोच नट शहरी, प्रमाण मराठी बोलतो. दिगूला राजकारणातले सारे दिसते, पण त्याच्या हाती काहीच नाही. शुद्ध भाषा त्याला सामर्थ्य देत नाही, आणि ज्यांच्याकडे सामर्थ्य आहे त्या मुंबईतील नेत्यांना सज्जन ठरवत नाही.

तिन्ही भूमिका एकत्र पाहिल्या, तर एक गोष्ट स्पष्ट होते. वाक्याला धार येते ती कोण, कोणाला, कोणत्या अधिकाराने बोलतो यावरून. पडद्यावर गरिबांना नाडणारा हा नट प्रत्यक्षात सामाजिक कृतज्ञता निधीसारख्या कामासाठी डॉ. लागू यांच्यासोबत उभा राहिला, हेही येथे ध्यानात ठेवावे.

सारांश

निळू फुले यांच्या खलभूमिकांमुळे ग्रामीण बोलीविषयीचा एक पूर्वग्रह दृढ झाला; तो खोडून काढणारा पुरावाही त्यांच्याच कारकिर्दीत सापडतो. आपली घरची बोली ही प्रमाण मराठीची बिघडलेली प्रत नाही. तिला स्वतःचे नियम आहेत. कार्यालयात प्रमाण भाषा अवश्य वापरावी, परंतु त्यासाठी बोलीची लाज बाळगण्याचे कारण नाही.

स्वाध्याय

१. हिंदुराव आणि दिगू टिपणीस यांच्या भूमिकांतील भाषा व सत्ता यांचा संबंध स्पष्ट करा.
२. आपल्या बोलीतील एक नियमित ध्वनिबदल पाच उदाहरणांसह नोंदवा.
३. आपण पाहिलेल्या एका मराठी चित्रपटात बोलीभाषक पात्राला कोणते स्थान दिले आहे, ते दहा ओळींत लिहा.