मुखवट्याआडचा नट

नट म्हटला की प्रथम त्याचा चेहरा आपल्या डोळ्यांपुढे उभा राहतो. परंतु ज्यांची मुख्य भूमिका जगाने पाहिली आणि चेहरा मात्र पाहिला नाही, अशा एका जपानी नटाचा परिचय आम्ही येथे करून देणार आहोत. त्यांचे नाव हारुओ नाकाजिमा.

त्यांचा जन्म १ जानेवारी १९२९ रोजी यामागाता प्रांतातील साकाता येथे झाला. तोहो या चित्रसंस्थेत प्रारंभी त्यांच्या वाट्यास किरकोळ कामेच आली. कुरोसावा यांच्या 'सेव्हन सामुराई' (१९५४) या चित्रपटात ते दरोडेखोर म्हणून क्षणभर दिसतात आणि मारले जातात.

त्याच वर्षीच्या मार्च महिन्यात अमेरिकेने केलेल्या हायड्रोजन बाँबच्या चाचणीची किरणोत्सर्गी राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली. हिरोशिमा व नागासाकी यांच्या जखमा अद्याप ओल्या होत्या. या भीतीतूनच दिग्दर्शक इशिरो होंडा यांचा 'गोजिरा' जन्मास आला. अणुस्फोटाने चाळवलेला एक प्रचंड प्राणी टोकियो नगरी तुडवितो, अशी त्याची कथा. जग त्या प्राण्यास 'गॉडझिला' म्हणते. त्याच्या कातड्याआड मुख्यत्वे नाकाजिमा होते.

पहिला पोशाख सुमारे शंभर किलो वजनाचा व इतका ताठ होता की, त्यात धड चालताही येईना. म्हणून दुसरा करावा लागला. मानेतील बारीक छिद्रांतून दिसेल तेवढेच पाहावयाचे. दिव्यांच्या उष्णतेने आत अंगाची लाही होई. पोशाखातून घाम ओतून काढावा लागे. अशा स्थितीतही केवळ पाय ओढण्यात त्यांनी समाधान मानले नाही. प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती व अस्वले कशी चालतात, याचे त्यांनी निरीक्षण केले. चित्रण करताना कॅमेरा अधिक वेगाने चालवीत, त्यामुळे पडद्यावर ती चाल संथ व अवजड भासे. परंतु त्या चालीतील जिवंतपणा नटाचा होता.

१९७२ पर्यंत १२ चित्रपटांत त्यांनी ही भूमिका केली. १९६६ मध्ये दूरचित्रवाणीवर सुरू झालेल्या 'अल्ट्रामॅन' मालिकेतही ते राक्षस झाले. २०१० मध्ये त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. उतारवयात परदेशी चाहत्यांनीही त्यांचा गौरव केला. ७ ऑगस्ट २०१७ रोजी, वयाच्या ८८ व्या वर्षी, ते निवर्तले.

आपणांस कोणी पाहत नाही, अशा ठिकाणी आपण काम कसे करतो, यावरून आपली खरी परीक्षा होते. नाकाजिमा त्या परीक्षेत उत्तीर्ण झाले, असे आम्हांस वाटते.