निळी पट्टी आणि लाल झेंडा : ‘जय भीम कॉम्रेड’चा अभ्यास

माहितीपट म्हटला की आपल्यापैकी अनेकांना मुख्य चित्रपटाआधी दाखवली जाणारी सरकारी फिल्म आठवते. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) त्या पठडीतला नाही. सुमारे तीन तासांचा हा चित्रपट पुरा होण्यास १४ वर्षे लागली. समाजबांधवांनी तो नुसता पाहून सोडू नये, बसून अभ्यासावा, म्हणून हा लेखनप्रपंच.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचे सकाळी उघडकीस आले. लोक रस्त्यावर उतरले. राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात १० जण मृत्युमुखी पडले. चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. पटवर्धनांची त्यांच्याशी ओळख जुनी. मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांवरील ‘हमारा शहर’ (१९८५) या माहितीपटात घोगरे गायले होते. डाव्या चळवळीची गाणी गाणाऱ्या या शाहिराने जाताना डोक्याला निळी पट्टी बांधली होती. ती का बांधली असेल? हा प्रश्न घेऊन पटवर्धन १४ वर्षे कॅमेऱ्यासह वस्त्यावस्त्यांतून हिंडले.

ते स्वतः दलित समाजात जन्मलेले नाहीत. त्यामुळेच की काय, ते सांगतात थोडे आणि विचारतात फार. ६ डिसेंबरला शिवाजी पार्कवर जमणाऱ्या गर्दीमुळे घाण होते, अशी तक्रार तेथील रहिवासी करतात. दुसरीकडे त्याच शहराचा कचरा उपसणारे सफाई कामगार दिसतात. मध्ये निवेदकाचे भाष्य नाही. जोडणी प्रेक्षकाने करायची. आम्हांस ही रीत फार आवडली.

निळ्या पट्टीचे एकच एक उत्तर मात्र मिळत नाही. घोगरे यांना त्यांच्याच गटाने दूर केले होते. पोटाचा प्रश्न सुटला की जात आपोआप जाईल, या समजुतीत डाव्यांनी आपल्या दुःखाकडे पुरेसे पाहिले नाही, हे चित्रपट पाहताना जाणवते. आपल्या पुढाऱ्यांच्या तडजोडीही चित्रपटाने झाकलेल्या नाहीत. त्या पाहताना मान खाली जाते. उत्तरार्धात पुण्याच्या कबीर कला मंचाची तरुण मंडळी येतात. जातीचा आणि पोटाचा असे दोन्ही प्रश्न त्यांच्या गाण्यांत एकत्र नांदतात.

आम्ही बँकेत कारकून. युनियनच्या मोर्चात लाल झेंडा आम्ही अनेकदा खांद्यावर घेतला आहे. एका बैठकीत पदोन्नतीतील अनुशेषाचा विषय काढला, तेव्हा “यामुळे कामगारांत फूट पडेल,” असे सांगून आम्हांस खाली बसविले. त्याच संध्याकाळी विहारात गेलो, तर एक ज्येष्ठ बंधू हसून म्हणाले, “या कॉम्रेड, आज इकडे कुठे?” हसण्यावारी नेले खरे, पण रात्री झोप लागली नाही. चित्रपट पाहिला तेव्हा हे दोन्ही प्रसंग आठवले.

पुढच्या बैठकीसाठी आम्ही अनुशेषाचा विषय लेखी दिला आहे.